फुल लोड

आमच्या खानदानात अजूनही कोणाचा मोबाईल अडकला, टीव्हीवर मुंग्या आल्या, नाहीतर बँकेचं ॲप उघडेनासं झालं, की बसलेल्यांतलं कोणीतरी माझ्याकडे बघतं आणि म्हणतं, "शुभीनं गेम टाकला असन." मग सगळे हसतात. नव्या सुनांनाही ही गोष्ट पहिल्या दिवाळीतच ऐकवली जाते. शेलूबाजारच्या घरी मंदाआत्याचा कॉम्प्युटर होता, त्यात शुभीनं चोरीचा गेम टाकला आणि आत्याचं सगळं काम एका दुपारी बुडालं. एवढी वर्षं मीही त्या हसण्यात हसले. आता केसांना मेंदी लावल्याशिवाय कुठे जाता येत नाही, जिना चढताना गुडघे बोलतात, आणि दुसऱ्यांचं खापर डोक्यावर घेऊन फिरायची हौस फिटली आहे. गेम मी टाकला. टाकला तर टाकला. पण गोष्ट तिथे संपत नाही आणि पुढचं कोणी सांगत नाही, म्हणून हे प्रकरण मला लिहावं लागतंय.

आमचं घर हायवेला लागून. पुढच्या खोलीचं दार उघडलं की रस्ता, आणि रस्त्यावर दिवसभर मंगरूळपीरच्या जीपवाल्यांच्या हाका, "मंगरूळ, मंगरूळ, मंगरूळ". त्यातली एक जीप माझ्या बाबांची. बाबा शेवटचं मंगरूळ असं लांबवायचे की भाकरी थापता थापता आई म्हणायची, निघाले एकदाचे. आमच्या पलीकडच्या खोल्यांत बाबांचे थोरले भाऊ, आमचे मोठेबाबा. शेती दोघांची एकत्र, चूल एकत्र आणि घरात शब्द मोठेबाबांचा. उन्हाळ्यात सकाळीच स्वयंपाक उरकायचा, ज्वारीच्या भाकरी, ठेचून केलेलं वांगं, त्यावर बचकभर सांबार, म्हणजे तुमची कोथिंबीर, आणि फल्लीच्या म्हणजे भुईमुगाच्या दाण्यांची कोरडी चटणी. जेवण झालं की घर कूलरसमोर आडवं व्हायचं. कूलर पत्र्याचा, पाणी ओतलं की ओल्या गवताचा वास आणि ट्रॅक्टर चालू झाल्यासारखा आवाज. तो बंद पडला की समजायचं, लाइट गेली. मग पुढच्या खोलीतून दुसरा आवाज सुरू व्हायचा, कॉम्प्युटरखालच्या यूपीएसची टीं टीं टीं. ती टीं टीं ऐकली की आत्या हातातलं टाकून धावायची, चालू काम सेव्ह करायची आणि कॉम्प्युटर बंद करायची. आजही कुठल्या दुकानात तो आवाज आला की मी उठून उभी राहते.

मंदाआत्या बाबांची धाकटी बहीण. तिला कामरगावला दिलं होतं. तिथे नवऱ्यानं हात उचलला, तर त्याच दिवशी दुपारच्या जीपमध्ये बसून ती घरी आली आणि परत गेली नाही. मोठेबाबांना हे अजिबात पटलं नाही. त्यांचं म्हणणं, एखादा हात उचलला म्हणून कोणी संसार टाकत नाही. ते कामरगावच्या लोकांशी बोलणं चालू ठेवायचे, आणि दर सणाला घरात तोच विषय निघायचा. आत्या वाद घालत नसे. तिनं आपल्या पाटल्या मोडल्या, टायपिंग शिकली, कॉम्प्युटर घेतला आणि लग्नपत्रिका करायला बसली. पत्रिका कॉम्प्युटरवर जुळवायची, पेनड्राइव्हमध्ये टाकायची, पेनड्राइव्ह रुमालाच्या गाठीत बांधायचा आणि बाबांच्या जीपमधून मंगरूळपीरला रहीमभाईंच्या प्रेसमध्ये नेऊन द्यायचा. बघता बघता आजूबाजूच्या गावांत आत्याच्या पत्रिकेचं नाव झालं. आता कामरगावचा विषय निघाला की ती एवढंच म्हणायची, "माह्यं काम हाय इथं." कॉम्प्युटर म्हणजे त्या घरात आत्याचे पाय टेकायची जागा होती, हे मला त्या वयातही कळत होतं.

तो कॉम्प्युटर दिला गावातल्या क्लासवाल्या सरांनी. क्लास चालवायचे, कॉम्प्युटर विकायचे, बिघडले तर दुरुस्त करायचे, आणि गावात त्यांना मान होता. देताना ते आत्याला म्हणाले होते, "मंदाताई, तुम्हाला फुल लोड करून देतो." फुल लोड हा शब्द आम्हाला नवा नव्हता. आमच्याकडे जीप फुल लोड झाल्याशिवाय हलत नाही. आत दाटीवाटीनं माणसं, मागे पायदानावर लटकलेली, टपावर गाठोडी आणि एखादी बकरी. कॉम्प्युटरचंही तसंच असेल असं आम्हाला वाटलं, जितकं जास्त भरलेलं तितकं चांगलं. विंडोज, पत्रिकेचं सॉफ्टवेअर, मराठी फॉन्ट, अँटिव्हायरस, सगळं सरांनी त्यांच्या पाकिटातल्या सीड्यांमधून एका बैठकीत भरलं. त्या सीड्यांवर मार्करनं नावं लिहिलेली होती. जाताना ते आत्याला सांगून गेले की अँटिव्हायरस सुरू ठेवला तर पत्रिकेचं सॉफ्टवेअर चालत नाही, उगाच लाल पट्टी दाखवतं, त्यामुळे तो बंदच ठेवा. हे वाक्य लक्षात ठेवा. आमच्या घरच्यांनी ते ठेवलं नाही.

मोठेबाबांची मुलगी सुनंदाताई, तिचं लग्न ठरलं तेव्हा पत्रिका अर्थात आत्यानंच केली. मोठेबाबा खुर्ची ओढून शेजारी बसले आणि एकेक नाव सांगू लागले. पत्रिकेतली नावं म्हणजे आमच्याकडे केवढं राजकारण. कोण वर, कोण खाली, कोणाच्या मागे 'श्री', कोणाच्या मागे 'सौ.', मामा आधी का काका आधी, यावरून माणसं मांडवातून उठून गेलेली आहेत. नावं सांगता सांगता ते 'आत्या' या शब्दापाशी आले. सुनंदाताईला आत्या एकच, आणि ती समोर बसून टाइप करत होती. तिच्या नावामागे काय लावायचं? 'सौ.' लावलं तर जोडीला नवऱ्याचं नाव हवं. 'श्रीमती' कसं लावणार, तो जिवंत होता. मोठेबाबा खिडकीतून रस्त्याकडे बघत म्हणाले, "मंदीचं नाव राहू दे."

आत्यानं विचारलं, "राहू देऊ म्हंजे? ठिवू का काढू?"

"राहू दे म्हनलं ना," ते म्हणाले आणि मावशीच्या नावाकडे वळले. मी पायाशी बसून पाकिटांना डिंक लावत होते. आत्यानं ती ओळ काढली, खालची ओळ वर घेतली आणि पत्रिका पुरी केली. छापून आलेल्या पत्रिकेत शेतातल्या सालगड्यापर्यंत सगळ्यांची नावं होती. जिच्या हातून ती पत्रिका झाली तिचं तेवढं नव्हतं. मांडवात कोणी ते बोलून दाखवलं नाही, पण वाचलं सगळ्यांनी. मला तेव्हा इतका राग आला होता की मी सुनंदाताईच्या लग्नात जिलेबी खाल्ली नाही, आणि ही साधी गोष्ट नाही, मला जिलेबी फार आवडते.

आता गेमकडे येते. मला जीप चालवायची होती. बाबांच्या मांडीवर बसून चुलतभाऊ राजूनं स्टिअरिंग धरलं की सगळे कौतुकानं बघायचे, आणि मी धरलं की आईसुद्धा म्हणायची, पोरीनं काय करायचं शिकून. मंगरूळपीरच्या स्टँडजवळ एका गाड्यावर चष्मे, कंगवे, टॉर्च आणि सीड्या मिळायच्या. आत्याबरोबर प्रेसमध्ये गेले होते, तिथून येताना मी गाड्यांच्या शर्यतीची सीडी घेतली. खोकं नाही, चित्र नाही, पांढऱ्या पाकिटात गुंडाळलेली आणि वर मार्करनं 'कार' एवढंच. सरांच्या सीड्यांसारखीच दिसत होती, म्हणून मला त्यात काही वावगं वाटलं नाही. सीडीत इंग्रजीत सूचना होत्या. शाळेचा शब्दकोश घेऊन बसले आणि एकेक शब्द लावला. आधी अँटिव्हायरस बंद करा, मग गेम टाका, मग ही छोटी फाईल उचलून त्या मोठ्या फाईलच्या जागी ठेवा. अँटिव्हायरस बंद करायला गेले, तर तो बंदच होता. घरात आल्या दिवसापासून बंद होता. दार मी उघडलं नाही. ते उघडं ठेवायला सांगणारे दुसरेच होते आणि त्यांना आम्ही सर म्हणत होतो.

गेम मात्र अफाट होता. डोंगरातला रस्ता, खाली समुद्र, आणि गाडी माझ्या हातात. दुपारी घर झोपलं की मी खेळायचे. एकदा आत्यानं पकडलं. मला वाटलं आता चापट बसते. ती माझ्यामागे उभी राहून बघत बसली आणि मग म्हणाली, सरक. तिनं गाडी अशी काही दामटली की कठडा तोडून थेट समुद्रात. आणि हसली. तोंडाला पदर लावून, कोणी उठू नये म्हणून आवाज दाबत, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. मग रोजच आम्ही दोघी खेळू लागलो, एक डाव तिचा, एक माझा. तिला शर्यत जिंकण्यात रस नव्हता. तिला दर वेळी समुद्रातच जायचं असायचं. कामरगावहून आल्यापासून आत्याला एवढं हसताना मी पाहिलं नव्हतं. माझ्यावर खापर फोडणाऱ्यांनी ते हसणं ऐकलेलं नाही.

आणि हो, त्या छोट्या फाईलमध्ये व्हायरस होता, हे मी नाकारत नाही. आधी कॉम्प्युटर जड झाला, एक पान उघडायला चहा होईपर्यंत वेळ घेऊ लागला. मग फोल्डर दिसेनासे झाले. आत्या पेनड्राइव्ह घेऊन प्रेसमध्ये जातच होती, त्यामुळे ते लोण रहीमभाईंच्या कॉम्प्युटरवरही गेलं. ऐन लग्नसराईत त्यांचं मशीन बसलं, आणि एका घरच्या पत्रिका हळद लागायच्या दिवशी हातात पडल्या. रहीमभाईंचा शेजारच्या दुकानात फोन आला की मंदाबहन, तुमच्या पेनड्राइव्हमधून काहीतरी आलंय. आणि दुसऱ्या दिवशी आमचा कॉम्प्युटर चालू झाला की बंद, चालू झाला की बंद असं करू लागला. आत्या यूपीएसचं बटण दाबून बघत होती, वायरी काढून लावत होती. मी तिथल्या तिथे तिला सांगितलं की मला वाटतं गेममुळे. ती म्हणाली, "खेळलो तं दोघीबी ना. पाहू आता." आणि सरांना निरोप धाडून ती बाबांच्या जीपनं रहीमभाईंना तोंड दाखवायला मंगरूळपीरला गेली.

माझा मुलगा वाशिमला कॉलेजात आहे. मागे त्यानंही असाच कुठूनतरी गेम उतरवला, आणि दोन दिवसांनी त्याच्या नावानं त्याच्या मित्रांना पैसे मागणारे मेसेज गेले. मी ओरडले नाही. मी त्याला सांगितलं की बाबा रे, आमच्या वेळी त्या डब्यात लोकांच्या लग्नपत्रिका होत्या, आता त्यात तुझी बँक आहे, फोटो आहेत, आधार आहे. फुकटचा गेम तुला सांगतो की पहारेकऱ्याला घरी पाठव, आणि तू आनंदानं पाठवतोस. आता गेम हवा असेल तर मी विकत घेऊन देते. पण चोर कोण, हा प्रश्न निघाला की मी त्याला सरांची गोष्ट सांगते.

तर सर आले. आत्या अजून आली नव्हती. पुढच्या खोलीत सर, मोठेबाबा, दाराशी आई आणि कोपऱ्यात मी. सरांनी पाकिटातली सीडी काढली आणि विंडोज नव्यानं टाकलं. त्यात सकाळ गेली. कॉम्प्युटर सुरू झाला तेव्हा मला वाटलं सुटलो. मोठेबाबा म्हणाले, त्याच्यात माह्या सुनंदाची पत्रिका होती, ते दाखवा. सरांनी फाईल उघडली. पडद्यावर पत्रिकेची महिरप होती, वर गणपती होता, आणि मजकुराच्या जागी नुसती इंग्रजी अक्षरं, आडवीतिडवी, मध्येच कंस, मध्येच टिंब, अर्थ काही नाही. दुसरी पत्रिका उघडली, तेच. तिसरी, तेच.

सर खुर्चीत मागे टेकले आणि म्हणाले की व्हायरसनं पूर्ण डेटा खाल्ला. आता सगळी डिस्क पुसावी लागेल, तरीही मशीनचा भरवसा नाही. भाऊंची हरकत नसेल तर मी हे क्लासवर घेऊन जातो, पोरांना शिकायला होईल, बदल्यात काहीतरी लावून देतो. मोठेबाबांना हेच ऐकायचं असावं. त्यांचा चेहरा असा सैल झाला की काय सांगू. ते म्हणाले, "नेऊन टाका हे धूड. अन् कामरगावले मी आजच निरोप धाडतो. आता काम राह्यलं नाई न काई नाई."

तेवढ्यात बाहेर जीप थांबली. बाबा आणि आत्या आत आले. आत्या दाराशी, सगळ्यांच्या पाठीमागे उभी राहिली. तिथून तिला पडदा दिसत नव्हता, पण मोठेबाबांचं वाक्य ऐकू आलं होतं. तिच्या हातात तो गाठ मारलेला रुमाल होता आणि ती तो पिळत होती. कसा झाला हा प्रकार, बाबांनी विचारलं. सरांनी माझ्याकडे बोट केलं. पोरीनं चोरीचा गेम टाकला, त्याच्यातून आलं. मोठेबाबा सुरू झाले. पोट्टीले लाडावून ठेवलं, बायांच्या हातात मशीन दिल्यावर दुसरं काय होणार, घरात चोरीचा माल आणला. चोरीचा हा शब्द त्यांनी दोनतीनदा म्हटला, आणि माझं डोकं फिरलं.

मी सरांसमोर जाऊन उभी राहिले. म्हटलं, "सर, याच्यातली एक तरी वस्तू इकत घेतेल हाय का? एखांद्याचं खोकं दाखवा."

सर हसले. "बेटा, सगळेच असं देतात. तुमच्या आत्याला फुल लोड पाहिजे होतं."

"मंग मीच चोर काहून?" मी विचारलं. "अँटिव्हायरस बंद ठिवा म्हून कोनं सांगतलं होतं? मी बंद करायले गेली तं ते आंधीच बंद होतं."

मोठेबाबा म्हणाले, मोठ्या माणसासंगं तोंड चालवते, आणि हात उगारून उठले. बाबा मध्ये आले. माझे बाबा मोठ्या भावापुढे कधी बोलले नव्हते, जमिनीकडे बघून हो म्हणायची त्यांना सवय होती. तेव्हाही त्यांनी जमिनीकडेच बघितलं, पण बोलले, "भाऊ, जीप उलटली तं पायदानावर लटकलेल्या पॅसेंजरले कोनी धरत नाई. भरनाऱ्याले धरतेत. मले ठाऊक हाय, मी भरतो."

सरांनी पिशवी आवरायला घेतली. म्हणाले की चूक कोणाची का असेना, डेटा तर गेला. हे बघा, कचरा झालाय सगळा. आणि त्यांनी पडद्यावर बोट टेकवलं. मी तिथे बघितलं. बोट इंग्रजी कॅपिटल जे आणि छोट्या एचवर होतं.

जे आणि एच म्हणजे श्री. आत्याच्या त्या जुन्या मराठी फॉन्टमध्ये श्री लिहायचा तर हीच दोन बटणं दाबावी लागायची. एफ, पी आणि टिंबासाठी आडवी रेघ म्हणजे चि. एल, के आणि कॅपिटल एस म्हणजे सौ. मला टायपिंग शिकवताना आत्यानं हे सगळं माझ्याकडून वहीत घोकून घेतलं होतं, आणि पुढे आम्ही दोघी याच अक्षरांत एकमेकींना चिठ्ठ्या लिहायचो. फ्रिजवर चिकटवलेली आमची चिठ्ठी घरातलं कोणी वाचू शकत नसे. आई म्हणायची, या दोघींचं काय चालते देव जाणे. व्हायरसनं काहीही खाल्लं नव्हतं. सरांनी नवं विंडोज टाकलं, त्यात जुना फॉन्ट गेला होता, बस. मराठी तिथेच होती, फक्त इंग्रजी कपडे घालून बसली होती. सरांच्या हे खरंच लक्षात आलं नाही, की ती फॉन्टची सीडीही कोणाची उसनी होती आणि आता मिळणार नव्हती म्हणून त्यांनी लक्षात घेतलं नाही, ते मला आजही सांगता येणार नाही.

मी वाचायला लागले. मोठ्यानं, शाळेत धडा वाचतात तसं. श्री गणेशाय नमः. आमचे येथे श्रीकृपेकरून. चि. सौ. कां. सुनंदा. मग मुलाचं नाव, मुलाचं गाव, मुहूर्त, लग्नाचं ठिकाण. मोठेबाबांचा उगारलेला हात खाली आला. आई दारातून आत आली. ओळ चुकू नये म्हणून मी पडद्यावर बोट ठेवून वाचत होते. आपलं स्वतःचं नाव आलं तेव्हा बाबा हसले. काका झाले, काकू झाल्या, मामा झाले. मागून आत्या माणसं सारत पुढे आली आणि माझ्या खांद्याशी उभी राहिली. तिच्या डोळ्यांत बघितलं तर ती माझ्याबरोबर मनात वाचत होती. मामांच्या खाली मावशीचं नाव होतं. मध्ये काही नव्हतं. त्या खोलीत हे दोघींनाच दिसत होतं, मला आणि तिला. मी बोट मामांवर ठेवलं, तिथून हलवलं नाही, आणि त्याच आवाजात वाचलं, "आत्या, मंदाकिनी." आणि मग मावशीकडे गेले.

मोठेबाबांनी माझ्याकडे बघितलं. ते नाव तिथे नाही, हे त्यांच्याइतकं कोणाला ठाऊक होतं? पण तसं म्हणायचं तर पुढे सांगावं लागलं असतं की मीच काढायला लावलं, आणि ते सरांसमोर, भावासमोर, शेजारी उभ्या असलेल्या बहिणीसमोर. ते परत खुर्चीत बसले. आत्यानं त्यांच्याकडे बघितलंसुद्धा नाही. ती पडद्याकडेच बघत होती. कूलर घरघरत होता, बाहेर कोणीतरी मंगरूळ, मंगरूळ करत होतं, आणि मी पार खालपर्यंत वाचून काढलं, लहान मुलांच्या 'आमच्या ताईच्या लग्नाला यायचं हं'पर्यंत. ते वाक्य माझंच होतं.

सरांनी घसा साफ केला. "मग काय करायचं, भाऊ? मशीन नेऊ का?"

मोठेबाबा खुर्चीवरून उठले, टोपी नीट केली आणि दाराकडे जाता जाता म्हणाले, "राहू द्या."

या वेळी ठेवू का काढू, असं कोणाला विचारावं लागलं नाही. कामरगावला निरोप गेला नाही. त्या दिवशी नाही आणि त्यानंतरही नाही.

फॉन्ट रहीमभाईंनी दिला. त्यांना राग होताच, आणि तो त्यांनी आत्याला चहा पाजून, मला समोर बसवून पुरेपूर काढला. मग सीडी हातात देताना म्हणाले, "बेटी, तुले बोललो खरा. पन माह्यं मशीनबी फुल लोडच हाय, मी तरी कोनाले बोट दाखवू?" विंडोज बदलताना डेस्कटॉपवर पडलेलं चालू हंगामाचं काम मात्र खरंच गेलं होतं. ते आम्ही दोघींनी मिळून पुन्हा टाइप केलं, ती एक ओळ सांगायची, मी दाबायचे. माझी सुट्टी त्यातच गेली. शिक्षा म्हणून नाही. मला ते काम आवडायला लागलं होतं, आणि पुढे त्याच कामावर माझं घर उभं राहिलं. माझी गाडीही. ती मी स्वतः चालवते, आणि राजू कधीमधी शेजारी बसतो.

फॉन्ट टाकला त्या संध्याकाळी सगळ्या पत्रिका पुन्हा मराठी झाल्या. आत्यानं आधी सुनंदाताईची उघडली. मामांच्या खाली मावशी होती. तिनं मामांनंतरची ओळ खाली सरकवली आणि टाइप केलं, आत्या, मंदाकिनी. मागे 'सौ.' नाही, 'श्रीमती' नाही, जोडीला कोणाचं नाव नाही. मी म्हटलं, आत्या, ते लग्न तर कधीच झालं, आता ही कोण छापणार? ती सेव्हचं बटण दाबत म्हणाली, "तू वाचलं ना सगळ्यांसमोर. मंग लिवेल पायजे."

आत्या आता नाही. तो कॉम्प्युटर भंगारात गेला, पण ती फाईल मी एकातून दुसऱ्यात करत इथवर आणली आहे. नव्या लॅपटॉपवर उघडली की आधी तोच कचरा दिसतो, जे, एच आणि बाकीचं सगळं. मग मी तो जुना फॉन्ट टाकते आणि तिचं नाव वर येतं. तो फॉन्ट मी कुठून आणला, हे मात्र कोणी विचारायचं नाही.